ठुमरीच्या घरातला ड्रमर

मैफलीची जाहिरात जरा बारकाईने पाहिली, की एक गोष्ट हमखास लक्षात येते. गायकाचे नाव ठळक अक्षरांत असते. त्याखाली बारीक अक्षरांत 'साथसंगत' असा शब्द येतो आणि मग तबलजी, पेटीवाले, तानपुऱ्यावरची मंडळी यांची नावे एका ओळीत बसवलेली असतात. ज्याच्या ठेक्यावर सगळी मैफल चालते, त्याचे नाव दुसऱ्या ओळीत असण्याची आपल्याला इतकी सवय झाली आहे, की त्यात काही वावगे वाटतही नाही. गंमत म्हणजे तालवाद्याची ही दुय्यम जागा आपल्याकडेच होती असे नाही. जॅझच्या वाद्यवृंदातही ट्रंपेटवाला पुढे उभा असायचा आणि ड्रमवाला मागे बसायचा.

या दोन्ही मागच्या रांगांत लहानाचा मोठा झालेला आणि पुढे दोन्हीकडे पुढच्या रांगेत येऊन बसलेला एक कलावंत आपल्या मराठी मुलखाशी जोडलेला आहे. त्याचे नाव त्रिलोक गुर्टू. युरोपातल्या जॅझ रसिकांना हे नाव चांगले ठाऊक आहे. आपल्याकडे मात्र 'शोभाताई गुर्टूंचा मुलगा' असे सांगितले, की मग लोकांचा चेहरा उजळतो. आज या मुलाची हकिकत सांगायची आहे. ती सांगताना एक प्रश्नही विचारायचा आहे. दोन संगीते एकत्र आणणे ही भेसळ असते, की ती एक शिस्तही असू शकते?

सुरुवात बेळगावपासून करावी लागते. मेनकाबाई शिरोडकर या पेशाने नर्तकी आणि जयपूर-अत्रौली घराण्याचे उस्ताद अल्लादियाखाँ यांच्या शिष्या. त्यांच्या पोटी १९२५ साली बेळगावला भानुमती जन्मली. आईकडून गाण्याचा वारसा मिळालाच. शिवाय अल्लादियाखाँसाहेबांचे धाकटे चिरंजीव भुर्जीखाँ यांची तालीमही लहानपणीच लाभली. पुढे घम्मनखाँ यांच्याकडून ठुमरी-दादऱ्याची तालीम मिळाली. बेळगावात पोलीस खात्यात मोठ्या हुद्द्यावर असलेले नारायणनाथ गुर्टू हे संगीताचे व्यासंगी होते, स्वतः सतार वाजवीत. त्यांचे चिरंजीव विश्वनाथ यांच्याशी भानुमतीचा विवाह झाला आणि भानुमती शिरोडकरच्या शोभा गुर्टू झाल्या. 'सामना' या १९७५ सालच्या मराठी चित्रपटात त्यांचा आवाज आपण ऐकला आहे. १९७८ च्या 'मैं तुलसी तेरे आँगन की' मधल्या गाण्याने तो देशभर पोचला.

अशा घरात ३० ऑक्टोबर १९५१ रोजी मुंबईला त्रिलोक यांचा जन्म झाला. आजी नर्तकी, आई गायिका, आजोबा सतारिये. ताल या मुलाला शिकावा लागला, पण शोधायला कुठे जावे लागले नाही. शाह अब्दुल करीम यांच्याकडे तबल्याची तालीम सुरू झाली आणि शिक्षण डॉन बॉस्को शाळेत. म्हणजे घरी ठुमरी आणि शाळेच्या दाराबाहेर सगळी मुंबई.

ती मुंबई कशी होती, हे थोडे सांगायला हवे. जॅझ हे संगीत आपल्याकडे १९६० नंतर हिप्पींबरोबर आले, असा अनेकांचा समज असतो. प्रत्यक्षात १९३५ साली लिऑन ॲबी हा कृष्णवर्णीय अमेरिकन कलावंत आपला वाद्यवृंद घेऊन मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात आला होता. त्याच्यामागून टेडी वेदरफोर्डसारखे पियानोवादक आले. या मंडळींच्या शेजारी बसून वाजवायला शिकले ते गोव्याचे वादक. चर्चच्या शाळांतून व्हायोलिन आणि स्वरलेखनाचे धडे घेतलेल्या या मुलांना जॅझ पटकन उमगला. हॉटेलांतली कामे कमी झाली तेव्हा हेच वादक हिंदी चित्रपटांच्या वाद्यवृंदांत शिरले. चिक चॉकलेट या नावाने गाजलेले ट्रंपेटवादक अन्तोनियो शाव्हियर वाझ हे त्यांतलेच. नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांनी, म्हणजे आपल्या सी. रामचंद्रांनी, त्यांना हाताशी धरले. 'अलबेला' चित्रपटातल्या भगवानदादांच्या नाचाला जी उसळी आहे, तिच्यामागे गोव्याच्या फुंकवाद्यांचा दम आहे. 'अलबेला' १९५१ सालचा. त्रिलोक यांचा जन्म झाला त्याच वर्षी मराठी माणसाचे पाय जॅझच्या ठेक्यावर थिरकू लागले होते, फक्त त्याला ते जॅझ आहे हे कुणी सांगितले नव्हते.

दुसरीकडून जॅझवालेही आपल्याकडे पाहू लागले होते. १९५८ साली पियानोवादक डेव्ह ब्रुबेक भारतात आले. मुंबईत सतारवादक अब्दुल हलीम जाफरखाँ यांच्याबरोबर ते बसले, दक्षिणेत त्यांनी मृदंग ऐकला. पुढच्याच वर्षी त्यांच्या चमूची पाच मात्रांची 'टेक फाइव्ह' ही रचना आली आणि जगभर गाजली. १९६८ मध्ये उस्ताद अल्लारखाँ आणि अमेरिकन ड्रमर बडी रिच यांची एकत्र ध्वनिमुद्रिका निघाली. १९७५ च्या सुमारास जॉन मॅक्लॉफ्लिन या इंग्रज गिटारवादकाने झाकीर हुसेन, व्हायोलिनवादक एल. शंकर आणि घटमवादक विक्कू विनायकराम यांना घेऊन 'शक्ती' उभी केली.

या दोन संगीतांचे जमते कसे, हे समजायला थोडा हिशेब करू. आपली बंदिश तालाच्या आवर्तनावर चालते. सोळा मात्रांचा तीनताल फिरून फिरून समेवर येतो. जॅझमध्येही एक ठरलेला साचा असतो आणि वादक त्यावर पुन्हा पुन्हा फेऱ्या घेत आपले उत्स्फूर्त वादन करतो. तिथल्या ब्लूजचा साचा बहुधा बारा मापांचा, प्रत्येक मापात चार ठोके. बारा चोक अठ्ठेचाळीस. म्हणजे आपल्या तीनतालाची बरोबर तीन आवर्तने. दुसरा लोकप्रिय साचा बत्तीस मापांचा, एकशे अठ्ठावीस ठोके, म्हणजे तीनतालाची आठ आवर्तने. दोन्हीकडे वादक मोकळा सुटतो, पण मनात मोजत असतो आणि ठरल्या जागी परत येतो. परत येण्याचा आनंद दोन्हीकडे सारखाच आहे.

फरक आहे तो परत येण्याच्या रीतीत. आपल्याकडची तिहाई घ्या. पाच मात्रांचा एक तुकडा तीनदा वाजवायचा आणि दोन तुकड्यांच्या मध्ये एकेक मात्रा रिकामी सोडायची. पाच त्रिक पंधरा आणि दोन सतरा. समेपासून सुरुवात केली, तर सतरावी मात्रा म्हणजे पुढच्या आवर्तनाची सम. चार-चारच्या घरात वाढलेल्या ड्रमरला हे पाच-पाचचे तुकडे चुकल्यासारखे वाटतात आणि शेवटच्या थापेवर सगळे जुळले, की तो चकित होतो. उलट जॅझच्या ड्रमरकडे जी झोकदार लय असते, मात्रेला किंचित रेलून चालण्याची, ती लिहून दाखवता येत नाही. ती ऐकून अंगात मुरवावी लागते. त्रिलोक गुर्टू यांच्याकडे या दोन्ही गोष्टी आहेत.

त्या कशा आल्या, याची एक मजेदार हकिकत त्यांनी मुलाखतींतून सांगितली आहे. मुंबईत बसून पाश्चात्त्य ध्वनिमुद्रिका ऐकणाऱ्या या मुलाला एकावर एक थर देऊन ध्वनिमुद्रण करतात, ही गोष्टच ठाऊक नव्हती. जिमी हेंड्रिक्सच्या वगैरे मुद्रिकांवर जे जे ऐकू येते ते सारे एका दमात वाजवलेले आहे, असे तो धरून चालला आणि तसे वाजवू लागला. या अज्ञानाचा आपल्याला फायदाच झाला, असे ते म्हणतात. न होणारी गोष्ट होते असे गृहीत धरून रियाज केला, की हात कुठवर जातात याचा हा नमुना.

१९७० नंतरच्या दशकात त्रिलोक युरोपात वाजवू लागले. सॅक्सोफोनवादक चार्ली मारियानो, ट्रंपेटवादक डॉन चेरी, नॉर्वेचे गिटारवादक टेरिए रिपडाल अशांच्या बरोबर त्यांचे वादन झाले. १९७७ मध्ये 'एम्ब्रियो' या जर्मन चमूच्या ध्वनिमुद्रिकेत त्यांनी वाजवले आणि त्याच मुद्रिकेत शोभाताई गायल्या. इथे क्षणभर थांबावेसे वाटते. मुलगा परदेशी गेला, ड्रम वाजवू लागला, म्हणून घराण्याची गायिका असलेली आई रुसली असती, तर त्यात आपल्याला नवल वाटले नसते. इथे आई मुलाच्या शेजारी जाऊन उभी राहिली.

१९८४ च्या नोव्हेंबरमध्ये 'ओरेगॉन' या अमेरिकन चमूतले तालवादक कॉलिन वॉलकॉट यांचा पूर्व जर्मनीत मोटार अपघातात मृत्यू झाला. वॉलकॉट हे अमेरिकन, पण तबला शिकले होते अल्लारखाँसाहेबांकडे आणि सतार पंडित रविशंकरांकडे. त्यांच्या रिकाम्या जागेवर ओरेगॉनने त्रिलोक यांना बोलावले. भारताकडे आलेल्या अमेरिकनाची गादी अमेरिकन संगीताकडे गेलेल्या भारतीयाने सांभाळली. १९८७ ते १९९१ या काळात या चमूच्या तीन ध्वनिमुद्रिकांत त्यांचे वादन आहे. याच सुमारास जॉन मॅक्लॉफ्लिन यांच्या त्रयीत ते सामील झाले. गिटार, बेस गिटार आणि तालवाद्ये, एवढेच तीन जण. १९८९ साली लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये झालेल्या त्यांच्या मैफलीचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. तिघांतच सारे वाजवायचे म्हटल्यावर साथीदार आणि मुख्य कलावंत हा भेदच उरत नाही. एकाने बोल म्हणायचे, दुसऱ्याने उत्तर द्यायचे, हे कथकच्या रंगमंचावरचे नाते गिटार आणि ड्रममध्ये आले.

आता त्यांच्या वाद्यांकडे वळू. पाश्चात्त्य ड्रमसंच हा मुळात सोयीतून जन्मलेला प्रकार. पूर्वी मोठा ढोल, छोटा ढोल, झांजा वाजवायला वेगवेगळी माणसे लागत. १९०९ साली लुडविग बंधूंनी पायाने वाजवायच्या पॅडलचे पेटंट घेतले आणि एकाच माणसाला स्टुलावर बसून दोन हात, दोन पाय वापरून सगळे वाजवता येऊ लागले. तबल्याची बैठक मात्र जमिनीवर. बोटे, तळवा, मनगट यांचा खेळ. एकाच मैफलीत दोन्ही वाजवायचे, तर सारखे उठायचे-बसायचे का? त्रिलोक यांनी स्टूल काढून टाकले. ते जमिनीवर अर्धवट गुडघा टेकून बसतात आणि तबला, ड्रम, झांजा, घुंगरांसारखे आवाज करणाऱ्या माळा असे सारे हाताच्या टप्प्यात रचून घेतात. आपल्या गोंधळ्याचा संबळ आठवा. एक मोठे तोंड, एक लहान तोंड, एक खर्ज आणि एक तार. तबल्यातही डग्गा आणि चाट अशी हीच जोडी. त्रिलोक यांच्या मांडणीत ही जोडी वाढत वाढत जाऊन एक संसार झाली आहे.

या संसारात एक पाण्याची बादलीही आहे! तासाची थाळी किंवा झांज वाजवायची आणि नाद घुमत असतानाच ती पाण्यात बुडवायची. कंप पावणाऱ्या धातूला पाण्याचे ओझे होते, कंपने मंदावतात आणि सूर खाली घसरत जातो. झांजेला मींड नसते. पाण्याने ती मिळते. अमेरिकेत जॉन केज या संगीतकाराने १९३९ मध्येच अशी पाण्यातली थाळी वापरली होती, तेव्हा ही युक्ती जगात पहिली म्हणता येणार नाही. पण ठुमरीच्या घरात वाढलेल्या माणसाला धातूतूनही घसरता सूर हवासा वाटावा, यात एक संगती आहे.

१९८८ साली त्यांची स्वतःच्या नावाची पहिली ध्वनिमुद्रिका 'उस्फ्रेट' आली. डॉन चेरी, राल्फ टाउनर, एल. शंकर अशी मंडळी तिच्यात आहेत. आणि शोभाताई आहेत. १९८७ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळालेल्या, साठी ओलांडलेल्या ठुमरीगायिकेने पुढच्याच वर्षी ड्रम आणि बेस गिटारच्या गर्दीत आपला आवाज सोडला. त्यातल्या एका रचनेचे नावच 'शोभारॉक' आहे. १९९३ च्या 'क्रेझी सेंट्स' मध्ये जो झाविनुल आणि पॅट मेथिनी यांच्यासारख्या दिग्गजांच्या सोबतीला पुन्हा शोभाताई आहेत. ऐकताना लक्षात येते, की बाईंनी आपले गाणे बदललेले नाही. त्यांची मुरकी, त्यांची पुकार जिथल्या तिथे आहे. बदलली आहे ती भोवतालची जागा.

अशा संगीतावर आपल्याकडे एक आक्षेप नेहमी घेतला जातो. हे ना धड शास्त्रीय, ना धड जॅझ. फ्यूजनच्या नावाखाली गिटारपुढे तबला ठेवायचा, दोघांनी आपापले वाजवायचे आणि शेवटी जोरात एकत्र थांबायचे, की टाळ्या. हा आक्षेप सर्वस्वी खोटा नाही. असे पुष्कळ संगीत १९९० नंतर बाजारात आले आणि विसरलेही गेले. पण आक्षेप घेताना आपण आपल्याच परंपरेतली एक खोली बंद करून ठेवतो. ती खोली ठुमरीची.

ठुमरीत मिसळ करणे हा दोष मानत नाहीत. मिश्र पिलू, मिश्र खमाज ही नावेच पाहा. गाणारी एका रागातून दुसऱ्याच्या अंगणात डोकावते आणि परत घरी येते. पण कुठे डोकवायचे, किती वेळ थांबायचे, कोणत्या सुराच्या उंबऱ्यावरून परतायचे, याची जाण नसेल तर ठुमरी विस्कटते. आणि ठुमरीच्या अखेरीस तबलजीची पाळी येते. गायिका मुखडा धरून राहते, तबलजी दुपटीत शिरून लग्गी वाजवू लागतो. मैफलभर ठेका सांभाळणाऱ्याला मोकळे रान मिळते ते तिथे. मला तर असे वाटते, की त्रिलोक गुर्टू यांची सारी कारकीर्द ही एक लांबलेली लग्गी आहे. आईचा मुखडा मागे चालू आहे आणि मुलगा मोकळा सुटला आहे.

याहून जुना दाखला हवा असेल, तर तो आपल्या छत्रपती संभाजीनगरच्या उंबरठ्यावर आहे. पंधराएक किलोमीटरवरचा दौलताबादचा किल्ला म्हणजे यादवांची देवगिरी. तेराव्या शतकात सिंघण यादवाच्या पदरी असलेल्या शार्ङ्गदेवाने तिथे 'संगीतरत्नाकर' हा ग्रंथ रचला. शार्ङ्गदेवाचे आजोबा काश्मिरातून दक्षिणेत आले होते. तो स्वतः राज्याच्या हिशेबखात्याचा मोठा अधिकारी होता. त्याच्या ग्रंथाचे सात अध्याय. त्यांत एक तालाचा आणि एक वाद्यांचा. जुन्या शास्त्राने पवित्र मानलेले मार्गताल पाच. ते देऊन तो थांबला असता, तर त्याला कुणी बोल लावला नसता. पण लोकांत, प्रांताप्रांतांत जे वाजत होते ते देशी तालही त्याने गोळा केले आणि असे एकशे वीस ताल नोंदवले. पाचांच्या शेजारी एकशे वीस! जे वाजते ते ऐकायचे, मोजायचे आणि नाव देऊन मांडायचे, ही देवगिरीची शिकवण आहे. गुर्टू हेही काश्मिरी आडनाव. काश्मीरहून आलेल्या घराण्यांनी दख्खनच्या मातीत तालाचा हिशेब मांडावा, असे सातशे-आठशे वर्षांच्या अंतराने दोनदा घडले आहे. योगायोगच, पण मोठा सुरेख.

मात्र या वाटचालीची किंमतही सांगायला हवी. १९५१ सालीच मुंबईत आणखी एक तालवादक जन्मला, झाकीर हुसेन. झाकीरभाईही जॅझमध्ये मनसोक्त हिंडले. पण ते जिथे गेले तिथे तबला घेऊन गेले आणि दरवर्षी इथल्या मैफलींत परत आले, म्हणून १५ डिसेंबर २०२४ रोजी त्यांचे निधन झाले तेव्हा घराघरांत हळहळ झाली. त्रिलोक यांनी तबल्याभोवती दुसरीच वाद्ये रचली, जर्मनीत हॅम्बुर्गला घर केले, त्यांच्या सुरुवातीच्या महत्त्वाच्या मुद्रिका जर्मन कंपनीने काढल्या. 'डाउनबीट' या अमेरिकन जॅझ मासिकाच्या समीक्षकांनी त्यांना एकाहून अधिक वेळा सर्वोत्तम तालवादक ठरवले. पण आपल्याकडच्या संगीताच्या इतिहासात त्यांचे प्रकरण कुठे घालायचे, हे आपले ठरलेले नाही. शास्त्रीयवाले म्हणतात ते जॅझचे, जॅझवाले म्हणतात ते भारताचे. २००० साली 'तबला बीट सायन्स' या प्रकल्पाच्या मुद्रिकेसाठी झाकीरभाई आणि त्रिलोक एकत्र आले. त्या दोघांना आपसांत असा प्रश्न पडला नसावा. प्रश्न आपला आहे.

शोभाताईंना २००२ साली पद्मभूषण मिळाले. २७ सप्टेंबर २००४ रोजी त्या गेल्या. त्रिलोक यांचा शोध पुढे चालूच राहिला. आफ्रिकेतल्या मालीच्या कलावंतांबरोबर २००६ ची 'फराकाला', इटलीच्या तंतुवाद्य चतुष्टयाबरोबरची मुद्रिका, जर्मन नभोवाणीच्या बिग बँडबरोबरची २०११ ची '२१ स्पाइसेस', डॉन चेरी आणि इतर ट्रंपेटवादकांची आठवण जागवणारी २०१३ ची 'स्पेलबाउंड'. सत्तरी ओलांडलेल्या या माणसाच्या कामाची यादी वाचली, तर जगाचा नकाशा पुढे येतो. ऐकले, तर एका मराठी मुलखातल्या घरातला ठेका ऐकू येतो.

तेव्हा ऐकण्याची एक साधी रीत सुचवतो. आधी शोभाताईंची एखादी ठुमरी लावा आणि शेवटच्या लग्गीवर कान ठेवा. मग 'उस्फ्रेट' लावा. पहिल्यांदा गोंगाट वाटेल. वाटू द्या. दुसऱ्यांदा ऐकताना हाताने मात्रा धरा आणि सम कुठे येते ते पाहा. ती सापडली, की हे संगीत कुणाचे, हा वाद तुमच्यापुरता मिटेल.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)